पाऊण मास्तर

आमच्या ह्यांना बुद्धिबळाच्या जगात 'पाऊण मास्तर' म्हणतात. तोंडावर नाही, पाठीमागे. पण नवऱ्याच्या पाठीमागचं बोलणं बायकोच्या कानावर सगळ्यात आधी येतं. ग्रँडमास्तर व्हायचं तर मोठ्या स्पर्धांत तीनदा ठरलेल्या दर्जाचा खेळ करून दाखवावा लागतो. तसा एकदा केला की त्याला एक नॉर्म झाला असं म्हणतात. ह्यांचे दोन झाले होते. पहिला लग्नाआधी आणि दुसरा लग्नाच्या वर्षी. तेव्हा सगळे म्हणाले, बायकोचा पायगुण चांगला. पुढे तिसरा काही केल्या येईना, तेव्हा माझ्या पायांचा विषय कुणी काढला नाही, एवढीच लोकांची माणुसकी.

तसा तो यायचा राहिला कशानं, ते सांगत बसले तर संध्याकाळ होईल. एकदा शेवटच्या फेरीत ताप भरला. एकदा अर्धा गुण कमी पडला. एकदा तर गुण पुरेसे झाले, पण नियमाला हवे तेवढे ग्रँडमास्तर ह्यांच्यासमोर आलेच नाहीत, कारण त्यातला एकजण पोट बिघडलं म्हणून मधूनच घरी निघून गेला. त्या माणसाच्या पोटाला मी पुढे बरीच वर्षं शिव्या घालत होते. दुसऱ्या नॉर्मनंतर मी मोठ्या हौसेनं पुढच्या खोलीच्या भिंतीवर एक खिळा ठोकून घेतला होता, प्रमाणपत्र लावायला. तो तसाच राहिला आणि येणाऱ्या-जाणाऱ्याची टोपी अडकवायच्या कामी आला.

त्याच पुढच्या खोलीत ह्यांची शिकवणी चालायची. पाच पट, दहा खुर्च्या आणि मुलांच्या चपलांचा दारात ढीग. शिकवताना हे कधी शाबास म्हणत नाहीत. एखाद्या मुलानं अवघड प्रश्नाचं उत्तर बरोबर दिलं की हे चष्मा काढतात आणि सदऱ्याच्या टोकानं पुसतात, बस. मुलांना ते माहीत झालं होतं. कुणी चाल सांगितली की सगळ्यांच्या माना पटावरून ह्यांच्या नाकाकडे वळायच्या. मी चष्म्याच्या दुकानात काचा बसवायचं काम करते. सदऱ्यानं पुसलं की काचेवर बारीक चरे पडतात, म्हणून ते पाहिलं की माझं डोकं फिरायचं. चाळिशीत चष्मा लागला तेव्हापासून मी दोनदा काचा बदलून दिल्या आणि मऊ फडकी तर किती दिली त्याला गणती नाही. पालथ्या घड्यावर पाणी.

मुलांकडून नियम मात्र घोकून घ्यायचे. त्यातला एक मला स्वयंपाकघरात ऐकून ऐकून पाठ झाला होता. पटावर तीच स्थिती तिसऱ्यांदा आली की डाव बरोबरीत सुटतो, पण आपोआप नाही. ती बरोबरी मागावी लागते. ज्याच्या चालीनं तिसरी वेळ येणार असेल त्यानं ती चाल हातानं करायची नाही. आधी कागदावर लिहायची, पंचाला बोलवायचं आणि सांगायचं. चाल हातानं करून घड्याळ दाबलं की हक्क गेला समोरच्याकडे. मग त्यानं मागितली तर बरोबरी, नाहीतर तो वाटेल ते खेळायला मोकळा. "पेन आधी, हात नंतर," असं हे दर आठवड्याला मुलांना म्हणायला लावायचे. मुलं पाढ्यासारखं ओरडायची.

आता धाकट्याबद्दल सांगते, कारण त्याच्याशिवाय ही गोष्ट होत नाही. धाकटा म्हणजे माझा दीर, सासूबाईंचं शेंडेफळ. मी ह्या घरात आले तेव्हा सात वर्षांचा होता, पुढचे दात पडलेले. सासरे आधीच गेले होते आणि सासूबाईही फार राहिल्या नाहीत. त्याचा डबा, ताप, शाळेतली भांडणं माझ्याकडे आली आणि पट ह्यांच्याकडे. आम्हाला मूल झालं नाही. झालं असतं तर त्याला पटाच्या कडेला जागा करून द्यावी लागली असती, इतका हा घरभर होता. विचार करताना दोन्ही हातांनी कान झाकून बसायचा. ह्यांनी त्याला शिकवलेली पहिली गोष्ट म्हणजे, पटावर नातं नसतं. दुसरी, जेवताना पटाचं बोलायचं नाही. दुसरी मला फार आवडायची.

तो सतराव्या वर्षी ग्रँडमास्तर झाला. ह्यांनी ठोकलेल्या, म्हणजे मीच ठोकून घेतलेल्या खिळ्यावर त्याचं प्रमाणपत्र लागलं. हे खुर्चीवर चढून स्वतः लावत होते आणि मी खालून, थोडं डावीकडे, थोडं उजवीकडे, करत होते. मनातून मला आनंद झाला का? झाला. आणि पोटात तुटलंही. पुढे तो मोठ्या शहरात राहायला गेला, प्रमाणपत्र घेऊन गेला आणि खिळ्याला पुन्हा टोपी आली. मग त्याचं नाव वर्तमानपत्रात यायला लागलं. देशाच्या संघात दुसऱ्या पटावर खेळला, परदेशातल्या दोन मोठ्या स्पर्धा जिंकला, एका माजी जगज्जेत्याला हरवून आला. त्याच्याबरोबर आता दोन माणसं फिरतात, एक सुरुवातीच्या चाली शोधायला आणि एक त्याची पाठ चोळून द्यायला. मी त्याला एकदा म्हणाले, भाऊजी, पाठ चोळणाऱ्याचं मला सांगू नका, मी फुकट चोळलीय. तो हसला होता.

ह्या सगळ्यात आमच्या शिकवणीला मात्र ओहोटी लागली. आईबाप दारातच विचारायचे, "सर, आपण ग्रँडमास्तर ना?" हे खरं सांगायचे आणि पुढच्या आठवड्यात एक खुर्ची रिकामी व्हायची. अशात आमच्या इथल्या क्रीडासंकुलात बुद्धिबळाचं केंद्र निघालं. मुख्य प्रशिक्षक हवा होता आणि अट एकच, माणूस ग्रँडमास्तर हवा. केंद्राचे साहेब ह्यांचे चाहते. ते घरी येऊन म्हणाले, "मास्तर, जागा तुमच्यासाठी धरून ठेवतो. आता येणाऱ्या स्पर्धेत ते तिसऱ्या नॉर्मचं एकदाचं उरका." स्पर्धा आमच्याच शहरात होती. हे मला म्हणाले, "ही शेवटची. नाही झालं तर परत स्पर्धेला बसणार नाही." हे रागानं बोलले असते तर मी मनावर घेतलं नसतं. भांडी विसळता विसळता, शांतपणे बोलले.

आणि काय सांगू, खेळले! पंचेचाळिशीला टेकलेला माणूस, पाठीला पट्टा बांधून, निम्म्या वयाच्या पोरांना पुरून उरला. शेवटच्या फेरीआधी हिशेब असा आला की बरोबरी पुरे. अर्धा गुण मिळाला की तिसरा नॉर्म. बाकीच्या अटी आधीच झाल्या होत्या. मग संध्याकाळी जोड्या लागल्या. जोड्या संगणक लावतो, त्याला नातीगोती कळत नाहीत. ह्यांच्यासमोर धाकटा आला.

मी त्या संगणकाला हात जोडले. धाकट्याला त्या स्पर्धेत काही मिळवायचं राहिलं नव्हतं; एकदा आधीच घसरला होता, पहिला नंबर दुसऱ्या कुणाचा होऊन गेला होता. "सोन्याहून पिवळं झालं," मी म्हणाले. हे फोनवरचं ते पान पुन्हा पुन्हा वर-खाली करत राहिले.

त्या रात्री धाकटा आमच्याकडेच जेवायला आला. हॉटेलच्या जेवणाला कंटाळला होता. तिघं जेवत होतो आणि तिघांच्याही मनात एकच गोष्ट होती. शेवटी मीच तोंड उघडलं.

"भाऊजी, उद्याचं काय ते समजून घ्या."

"जेवताना पटाचं बोलायचं नाही," हे ताटातून मान वर न करता म्हणाले.

"पट कुठं म्हणाले मी? उद्याचं म्हणाले."

धाकट्यानं पाण्याचा पेला खाली ठेवला. "वहिनी, तुम्ही काळजी करू नका," तो म्हणाला. ह्यांनी त्याच्याकडे पाहिलं आणि पान अर्धं टाकून उठले. मी मात्र कित्येक महिन्यांनी पोटभर जेवले.

दुसऱ्या दिवशी दुकानातून सुट्टी घेऊन मी सभागृहात गेले. दोरी बांधून खेळाडू पलीकडे, माणसं अलीकडे. खाली जाड गालिचा, भिंतीवर मोठा पडदा आणि त्यावर पट दिसत होते. माझ्या शेजारी एक निवृत्त पोस्टमास्तर बसले होते. ते प्रत्येक स्पर्धेला येतात आणि कुजबुजत समालोचन करतात, एरवी मी त्यांच्यापासून दूर बसते. त्या दिवशी मला त्यांची गरज होती. त्यांनीच सांगितलं की ह्या स्पर्धेत चाळीस चालींच्या आत बरोबरी बोलून मागता येत नाही, खेळाडूंनी आपसात मिटवू नये म्हणून. "पण तीच स्थिती तीनदा आली तर चालतं," ते म्हणाले, "त्याला कोण अडवणार?" भाऊ-भाऊ खेळतायत म्हणून मुख्य पंच त्यांच्याच टेबलापाशी मऊ बुटांनी येरझाऱ्या घालत होता. जाडजूड माणूस, पण पावलाचा आवाज नाही.

तासाभरानं डाव त्याच वळणावर आला. ह्यांनी हत्ती आणून धाकट्याच्या वजिरावर रोखला. धाकट्यानं वजीर बाजूला घेतला. ह्यांचा हत्ती त्याच्या मागे गेला. वजीर परत पहिल्या जागी आला, हत्तीही परत पहिल्या जागी. "दुसऱ्यांदा," पोस्टमास्तर म्हणाले. पुन्हा वजीर बाजूला, पुन्हा हत्ती मागे, पुन्हा वजीर परत. आता हत्ती पहिल्या जागी गेला की तिसरी वेळ.

ह्यांनी पेन उचललं. टोपण काढलं. कागदावर वाकले. पंचानं एक पाऊल पुढे टाकलं. मग ह्यांनी मान वर करून धाकट्याकडे पाहिलं. धाकटा लहानपणीसारखाच दोन्ही हातांनी कान झाकून बसला होता. हे त्याच्याकडे बघत राहिले. बराच वेळ बघत राहिले. मग पेनाला टोपण लावलं, हातानं हत्ती उचलून पहिल्या जागी ठेवला आणि घड्याळ दाबलं.

"अहो, हे काय केलं!" पोस्टमास्तरांचा आवाज फुटला. पुढच्या रांगेतल्या बाईनं वळून पाहिलं.

"काय झालं?" मी विचारलं, पण मला कळलं होतं. दर आठवड्याला ऐकत होते की मी ते.

"काही नाही, काही नाही. आता धाकट्यानं मागायची. भाऊच आहे शेवटी."

धाकट्यानं कानांवरचे हात काढले. एक हात वजिराकडे निघाला आणि मध्येच थांबला. मग त्यानं तो मागे घेतला. पुन्हा कान झाकले. पडद्यावर त्याचं घड्याळ उतरत होतं. पंच उभाच होता, कुणीतरी काहीतरी मागेल म्हणून. आणि मग धाकट्यानं वजिराला हातच लावला नाही. तो तसाच हत्तीच्या तोंडी मरायला ठेवला आणि घोडा उचलून पुढे आणून ठेवला.

सभागृहात एक आवाज झाला, सगळ्यांनी एकदम श्वास घेतल्याचा. "वजीर... वजीर तसाच सोडला," पोस्टमास्तर म्हणाले. "वजीर मारला तर मात होते. नाही मारला तरी डाव गेला." त्यांच्या आवाजात दुःख नव्हतं. एखादी सुंदर गोष्ट दिसल्यावर होतो तसा आवाज होता आणि त्याबद्दल मी त्यांना अजून माफ केलेलं नाही.

ह्यांनी चष्मा काढला. सदऱ्याचं टोक बाहेर ओढलं आणि पुसत बसले, खाली मान घालून. भर सभागृहात, इतक्या लोकांत, माझा नवरा रडतोय असं मला वाटलं. मग त्यांनी चष्मा घातला, हात पुढे केला आणि डाव सोडला.

दारापाशी पंचानं मला गाठलं. बिचारा कासावीस झाला होता. "वहिनी, मी आलोच होतो हो. एक शब्द बोलायचा होता त्यांनी. मी काय स्वतःहून देऊ शकत नाही." मी म्हणाले, तुमची चूक नाही. कुणाची आहे ते मला घरी जाऊन ठरवायचं होतं.

घरी जाताना रस्त्यात मी भांडले. एरवी मी रस्त्यात भांडत नाही.

"पेन आधी, हात नंतर! पोरांकडून घोकून घेता आणि स्वतः? लोकां सांगे ब्रह्मज्ञान!"

"ऐन वेळी विसरलो."

"विसरलात? पेन हातात होतं तुमच्या!"

"सुटलं डोक्यातून," हे म्हणाले आणि रस्त्याच्या कडेनं, पट्ट्यामुळे ताठ, चालत राहिले.

मी माझं उत्तर शोधून काढलं. भावासमोर पंचाला बोलावणं ह्यांना अपमानाचं वाटलं असणार. भावावर विश्वास टाकला आणि भावानं केसानं गळा कापला. आपलेच दात, आपलेच ओठ, तक्रार कुणाकडे करायची? धाकट्याचे फोन आले ते मी कापले. एकदा उचलला आणि म्हणाले, "काळजी करू नका म्हणाला होतात ना? नाही करत." आणि ठेवून दिला. ज्या पोराच्या दुखऱ्या कानात मी तेल घातलं होतं, त्याचा आवाज मला नकोसा झाला.

केंद्राची जागा दुसऱ्या शहरातून आलेल्या एका मुलाला मिळाली. नुकतं मिसरूड फुटलेलं, पण ग्रँडमास्तर. साहेबांनी ओशाळून ह्यांना त्याच्या हाताखाली घेतलं, अगदी लहान मुलांना सोंगट्या कशा चालतात ते शिकवायला. हे रोज जातात. घोडा अडीच घरं, उंट तिरका. घरची शिकवणी बंद झाली, तीन पट शाळेला देऊन टाकले. स्पर्धेला हे परत बसले नाहीत, बोलल्याप्रमाणे वागले. पहाटे उठून चाली बघायची सवय मात्र गेली नाही. उठायचे, खुर्चीत बसायचे आणि समोर पट नसायचा.

वर्षअखेरीला एका मोठ्या मासिकानं वर्षातला सर्वोत्तम डाव निवडला. तो हाच. घोड्याच्या त्या चालीचं चित्र पहिल्या पानावर आलं आणि खाली एका परदेशी ग्रँडमास्तरानं लिहिलं होतं की अशी चाल माणसाला आयुष्यात एकदा दिसते. धाकटा बक्षीस घ्यायला गेलाच नाही. पाठ चोळणाऱ्यानं जाऊन घेतलं म्हणे.

त्यानंतर तो एका रविवारी दुपारी न सांगता आला. मी दार उघडलं. वाळला होता. मी बाजूला झाले, या म्हणाले नाही. ह्यांनी मात्र काल गेला आणि आज आला अशा थाटात खुर्ची पुढे केली.

"पट मांड," हे म्हणाले.

धाकट्यानं मांडला. दोघांनी मिळून सोंगट्या त्या डावातल्याच जागी लावल्या, न बोलता, एकमेकांच्या हाताला हात न लागू देता. मी चहा ठेवायला आत जाणार होते, पण दारातच थांबले.

"पहिल्या वेळी का नाही दिसली?" ह्यांनी विचारलं.

"नाही दिसली, दादा. दुसऱ्या वेळीही नाही. मी बरोबरीच करणार होतो. आईशप्पथ सांगतो. तिसऱ्यांदा तू हत्ती ठेवलास, मी वजीर हलवायला हात पुढे केला आणि तेव्हा दिसली." त्यानं घोड्याला नुसतं बोट लावलं. "दिसल्यावर मला जमलंच नाही."

"काय जमलं नाही?" मी दारातून विचारलं.

"न खेळणं, वहिनी."

ह्यांनी मान हलवली. "बरोबर आहे," म्हणाले, जणू त्यानं गणिताची रीत सांगितली होती.

तेवढ्यात धाकट्याचा फोन वाजला. तो बोलायला बाहेर जिन्यात गेला. मी पटापाशी येऊन उभी राहिले. माझ्या कानात एकच गोष्ट घोळत होती. पहिल्या वेळी का नाही दिसली, असं हे विचारत होते. म्हणजे पहिल्या वेळीही ती तिथं होती, हे ह्यांना माहीत होतं.

"तुम्हाला कधी दिसली होती?"

हे सोंगट्या नीट घरांच्या मध्यावर सरकवत राहिले. "दुसऱ्या वेळी."

"म्हणजे पेन उचललं तेव्हा तुम्हाला माहीत होतं."

"हो."

"विसरला नव्हतात."

"नाही."

"मग लिहिलं का नाही?"

"दोनदा त्याच्या हातून सुटली होती ती. अगं, समोर होती! मी लिहिलं असतं तर डाव तिथंच संपला असता." हे पहिल्यांदाच वर बघून बोलले. "मग त्याला ती दिसली असती की नाही, हे मला कधीच कळलं नसतं. मला बघायचं होतं."

मी खाली बसले. सतराव्या वर्षीचं ते प्रमाणपत्र, खुर्चीवर चढलेले हे, खालून डावीकडे-उजवीकडे करणारी मी. इतकी वर्षं मी एका दारापाशी उभी होते आणि दार उघडल्यावर ह्यांनी स्वतःच्या हातानं ते लावून घेतलं होतं. समोरचा मुलगा हुशार आहे का, तेवढं बघायला. आणि मला चष्मा आठवला. सदऱ्याचं ओढलेलं टोक, खाली घातलेली मान. हे रडत नव्हते. मुलानं उत्तर बरोबर दिलं होतं.

"माझा विचार आला होता का त्या वेळी? एकदा तरी?" मी विचारलं.

ह्यांनी खोटं बोलायला हवं होतं. लग्नाला इतकी वर्षं झाल्यावर माणसाला एवढं यायला हवं.

"नाही," हे म्हणाले. मग हळूच, "त्याला सांगू नकोस. त्याचा सगळ्यात चांगला डाव आहे तो. मी जाणूनबुजून वाट मोकळी ठेवली असं कळलं तर त्याचा राहणार नाही."

"आणि तो जन्मभर चोरासारखा तोंड लपवत फिरेल, त्याचं काय?"

हे गोंधळले. खरोखर गोंधळले, समोरच्यानं भलतीच चाल केल्यासारखे. "ते नव्हतं माझ्या लक्षात आलं," म्हणाले.

वीस चाली पुढचं बघणारा माणूस. मला हसावं की डोकं आपटून घ्यावं तेच कळेना. मी आत जाऊन चहा केला, तिघांना दिला आणि आम्ही तो प्यालो. ते दोघं त्या डावातल्या एका प्याद्याबद्दल बोलत होते. दोघांच्या मनावरचं बरंच ओझं उतरल्यासारखं दिसत होतं आणि माझ्याशी कुणाचं काही बोलणं नव्हतं.

निघताना धाकटा दारात बूट घालत खाली बसला. नाडी बांधून झाली तरी उठेना.

"वहिनी, एक विचारू? दादा रडला ना तेव्हा?"

मी दारातल्या चपला नीट लावायला लागले.

"मी घोडा ठेवून मान वर केली, तर तो चष्मा काढून डोळे पुसत होता. ते मला अजून दिसतं. डावाला बसलो की मध्येच दिसतं."

त्याला चष्म्याचं माहीत नव्हतं. हा घरात होता तेव्हा ह्यांना चष्माच नव्हता. मी एक वाक्य बोलले असते तर त्याचं ओझं तिथल्या तिथं उतरलं असतं, आणि त्याचा तो डावही गेला असता. आतून सोंगट्यांचा आवाज येत होता; हे पट आवरत नव्हते, पुन्हा मांडत होते. भिंतीवरच्या खिळ्याला धाकट्याची टोपी होती. ती काढून मी त्याच्या हातात दिली.

"हो," मी म्हणाले. "रडले. घरी आल्यावरही रडले."

त्यानं मान खाली घातली, टोपी घातली आणि जिना उतरून गेला.

त्याच्या डावासाठी मी खोटं बोलले नाही, आणि ह्यांनी सांगितलं म्हणूनही नाही. त्या तिसऱ्या नॉर्मसाठी, त्या खिळ्यासाठी, माझ्यासाठी, माझा नवरा एकदा तरी रडला होता, असं ह्या जगात निदान एका माणसाला वाटत राहावं, एवढंच मला हवं होतं.